सुलोचना बोटीवरचा तांब्या

समुद्र पाहण्याची मला कधीच हौस नव्हती. निपाणीत तंबाखूच्या वखारीत बसून दिवसभर शिंका काढणाऱ्या माणसाला पाण्याचं कौतुक ते किती असणार? परड्यातली विहीर पाहिली होती, वेदगंगा पाहिली होती, तेवढं मला पुरे होतं. तरी लढाई संपून वर्ष उलटल्यावर मी घाट उतरून वेंगुर्ल्याला गेलो, बोटीत बसलो, पोटात होतं नव्हतं ते सगळं समुद्राला वाहिलं आणि एक नवी चप्पल गमावून परत आलो. तेव्हापासून वखारीत येणारा प्रत्येक जण विचारतो, समुद्र कसा आहे हो? प्रत्येकाला वेगळं सांगून कंटाळा आला, म्हणून हे एकदाच लिहून ठेवतो.

निपाणी

माझी थोरली बहीण, आम्ही सगळे तिला आक्का म्हणतो, निपाणीजवळच्या एका खेड्यात दिलेली आहे. तिचे यजमान नेमगोंडा, म्हणजे माझे दाजी, लढाईच्या आधी 'सुलोचना' नावाच्या बोटीवर आचारी होते. मुंबईहून निघून रत्नागिरी, मालवण करत वेंगुर्ल्याला आणि पुढं गोव्याला जाणारी ही प्रवासी आगबोट. आम्ही जैन. आमच्या भागातले व्यापारी मुंबईला जायचे ते पुष्कळदा वेंगुर्ल्याहून बोटीनं जात, कारण आगगाडीपेक्षा ते स्वस्त पडे. दिवस मावळायच्या आत जेवण मिळेल, पाणी गाळलेलं असेल आणि भाजीत कांदा-लसूण नसेल एवढी खात्री दिली, की आमचा माणूस विलायतेलाही जाईल. सुलोचनेवर ती खात्री म्हणजे दाजी. पावसाळ्यात बोटी बंद असत, तेव्हा ते घरी शेतात राबत. एरवी अधूनमधून घाट चढून येत आणि येताना आक्कासाठी ओले काजू आणत.

लढाई सुरू झाल्यावर सरकारनं सुलोचना ताब्यात घेतली. बोटीवरच्या लोकांना म्हणे मुंबईत विचारलं होतं, ज्याला उतरायचं त्यानं उतरावं. दाजी उतरले नाहीत. घरी विचारलं नाही, कळवलं नाही. पुढं महिनाभरानं एक कार्ड आलं, दुसऱ्याच्या हातानं लिहिलेलं. खुशाल आहे. मग लढाई संपेपर्यंत तशीच कार्डं येत राहिली, खुशाल आहे, खुशाल आहे. का गेलो, याबद्दल एक अक्षर नाही.

गावाला मात्र कारण पक्कं ठाऊक होतं. नेमगोंडा मर्दाचा बच्चा, जर्मनशी लढायला गेला. वखारीत बिड्यांच्या धुरात दाजींनी आधी जर्मनची एक बोट बुडवली, मग दोन. आचाऱ्यानं बोट कशी बुडवली असेल, हे कुणी विचारलं नाही. मीसुद्धा नाही. उलट गिऱ्हाईक रंगात आलं की मीच तिसरी बोट बुडवून देत असे.

लढाई संपली. गावचे शिपाई एकेक करून परत आले, दाजी आले नाहीत. मग एक व्यापारी पाहुणे सांगत आले, "सुलोचना पुन्हा वेंगुर्ल्याला लागाय लागली. नेमगोंडाच्या हातचं जेवलो की मी!" म्हणजे माणूस जिवंत, धडधाकट, आठवड्यातून एक-दोनदा घाटाखाली येऊन उभा राहतो आणि वर घरी येत नाही. हे ऐकून आक्का दोन दिवस कुणाशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी तिनं मला बोलावून घेतलं.

"बाबू, तू बोटीवर जा. त्यास्नी येवढंच इचार, मला न सांगता का गेला."

"आन घेऊन येऊ न्हवं?"

"आधी उत्तर आण. पटलं तर मानूस. न्हाय पटलं तर दार बंद. आताच सांगून ठेवलंय, मागनं मला शानपन शिकवायचं न्हाय."

ती तसं करणारच, हे मला माहीत होतं. लहानपणी एकदा अबोला धरला तर आमचे वडील हात जोडत. तिनं दशम्यांचं गाठोडं बांधून दिलं आणि मी नव्या कोऱ्या चपला घालून निघालो.

बेळगाव

बेळगावला मी मॅट्रिकपर्यंत शिकलो, त्यामुळे तिथं गेलं की मी थोडा ताठ चालतो. बाजारात ओळखीच्या दुकानदारानं "बर्री, बर्री, ऊटा आतरी?" असं कानडीत या-या, जेवण झालं का करून बसवलं, अर्धा शेर कुंदा गळ्यात मारला आणि निम्मा स्वतःच खाल्ला. कॅम्पात लढाईहून सुटून आलेल्या पोरांची गर्दी होती. कुणाच्या अंगावर मिलिटरीचा कोट आणि खाली धोतर, कुणी बूट विकायला बसलेला. पूर्वी त्यांना पाहून लोक वाट सोडत. आता कोटाच्या किमतीवरून घासाघीस चालली होती.

वेंगुर्ल्याच्या मोटारीत माझ्या शेजारी येळ्ळूरचे एक आप्पा बसले होते. लेकीकडं सावंतवाडीला निघाले होते, मांडीवर बासमतीचं बोचकं. हिंडलग्याच्या तुरुंगाची भिंत आली तशी सगळी मोटार आपोआप गप्प झाली. भिंत संपल्यावर आप्पा बोलू लागले.

"माझा धाकला बी गेलता लढाईला. आला परत."

"मग बरं झालं की."

"बरं झालं. पर बोलत न्हाय. भाकरी खातोय, रानात जातोय, झोपतोय."

"तुम्ही विचारलं नाही, काय झालं म्हणून?"

आप्पांनी माझ्याकडं असं पाहिलं, जणू मीच काही खुळ्यासारखं बोललो. "इचारून काय करायचं? आलाय न्हवं? बास झालं." मी मनात म्हटलं, तुमची गाठ आमच्या आक्काशी पडायला पाहिजे होती.

आंबोलीचा घाट

आंबोलीपर्यंत मुलूख आपलाच वाटतो. तीच लाल माती, तेच गवताचे माळ. मग मोटार एका वळणावर येते आणि समोरचा मुलूखच खाली पडतो. खाली दाट हिरवं रान, त्यावर धूर तरंगत असलेला, आणि पार टोकाला एक पांढरट रेघ. तोच समुद्र, असं ड्रायव्हर म्हणाला. मला ती चुना ओढलेली भिंत वाटली.

घाट उतरताना हवा बदलत गेली. वर अंगावर घोंगडं होतं, खाली येईपर्यंत सदरा पाठीला चिकटला. सावंतवाडीला आप्पा उतरून गेले. खानावळीत भाकरी मागितली तर तांदळाची आली, पातळ, पांढरी, आजाऱ्याला द्यावी तशी. भाजी नारळात बुडालेली. आमच्याकडं नारळ देवाला फोडतात आणि वाटीभर खोबरं चार घरांत वाटतात. इथं रोजच्या आमटीत अख्खा नारळ जातो आणि कुणाला त्याचं काही वाटत नाही. मात्र एक कबूल केलं पाहिजे, कोकणी माणूस पाहुण्याला हाताला धरून नेऊन जेवू घालतो. पानात वाढून झालं की समोर बसून आपण कुठले, कुणाचे, कशाला आलो, सगळं काढून घेतो.

वेंगुर्ले

बोट दुसऱ्या दिवशी सकाळी लागणार होती. बंदराजवळच्या एका म्हाताऱ्या दुकानदाराच्या पडवीत मी पथारी टाकली. समुद्र पाहून घेतला. खूप आहे. यापेक्षा काय सांगू? आमच्या नदीला पलीकडचा काठ असतो, त्यावर कुणी धुणं धूत असतं, आपण हाक मारतो. इथं हाक मारायला कुणी नाही, त्यामुळे थोडा वेळ पाहून मी पाठ फिरवली.

दुकानदाराला सुलोचनेबद्दल विचारलं, तर तो खुलला. लढाईआधी बोट लागायची तेव्हा बंदरावर जत्रा भरायची, हे त्यानं हातवारे करून सांगितलं. मग मी दाजींचं नाव काढलं.

"तो घाटावयलो आचारी? बोट इली काय थंय त्या विहिरीर येता," त्यानं नारळीच्या बागेकडं बोट दाखवलं. "वाकान आत बघता. पाणी काढणा नाय, पिणा नाय. बघता आणि परत जाता."

मला ते काही बरं वाटलं नाही. विहिरीत वाकून पाहणारा माणूस कुणालाही बरा वाटत नाही. मी त्या विहिरीवर जाऊन आलो. जांभ्या दगडाची, बांधीव, पाणी स्वच्छ, तळाशी नारळाच्या झावळ्यांची सावली हलत होती. बाकी काही नव्हतं.

सुलोचनेवर

वेंगुर्ल्याला बोट काठाला लागत नाही. ती लांब उभी राहते आणि आपण होडीतून तिच्यापर्यंत जायचं. वरून एक शिडी सोडलेली असते. होडी खाली-वर होते, शिडी आडवी-तिडवी होते आणि होडीवाला ओरडतो, "आता! आता!" मी त्याच्या 'आता'वर पाय उचलला तेव्हा माझं धोतर शिडीच्या खिळ्यात अडकलं आणि उजव्या पायातली चप्पल सुटून पाण्यात पडली. थोडा वेळ ती तरंगत माझ्याकडं बघत होती. मग लाटेनं तिला नेलं. वरून एका बाईनं आपली कोंबड्यांची पाटी बाजूला सारून मला दंडाला धरून ओढून घेतलं, नाहीतर मीही तिच्या मागून गेलो असतो.

बोट आता पांढरी होती. पण रंगारी घाईत असावेत. दाराच्या सांध्यांत, बिजागऱ्यांमागं, दोरखंडाच्या कप्प्यांखाली राखाडी रंग तसाच होता. पुढच्या डेकवर एका मोठ्या वर्तुळात लोखंडी बुचं मारलेली दिसली. मालवणच्या बायका त्या वर्तुळात केळ्यांच्या लोंगरांना टेकून गप्पा मारत बसल्या होत्या. मी त्या बुचांकडं पाहतोय हे पाहून बोटीचा सारंग, म्हणजे खलाशांचा मुख्य, जवळ आला. दाढी पांढरी, डोळे बारीक.

"तोफ होती तिथं," तो म्हणाला. "भोकं बुजवली. पाऊस आला की अजून गळतं खाली."

त्याला मी निपाणीची खास तंबाखू दिली आणि सुलोचनेची हकिकत मिळवली. ती त्याच्याच तोंडून ऐकण्यासारखी आहे.

"चाकरमान्यांची बोट होती ही. शिमग्याला, मे महिन्यात पाय ठेवायला जागा नसे. हिच्यावर बाळंतपणं झालीत, लग्नं ठरलीत. मग एक दिवस मुंबईला लागलो तर धक्क्यावर रंगाचे डबे घेऊन माणसं उभी. बाकं उपटली, पडदे काढले, आरसे काढले. नाव पुसून नंबर घातला. सकाळी मी वर आलो तर मला माझी बोट ओळखू येईना."

"आणि मग जर्मनशी लढलात?" मी विचारलं. वखारीसाठी मला काहीतरी न्यायचं होतं.

सारंग हसला. "लढतो कसले! झाडू मारत होतो. पाण्यात सुरुंग सोडलेले असत, ते काढायचे. दोन बोटी बरोबरीनं चालायच्या, मध्ये पाण्याखालून तार ओढायची. मोठ्या बोटी येण्याआधी रोज सकाळी रस्ता झाडून ठेवायचा. सापडला तर बरं, नाही सापडला तर आपल्याच पोटाखाली. रोज तेच."

म्हणजे कुळव मारल्यासारखंच. एका शेताच्या या बांधापासून त्या बांधापर्यंत, पुन्हा माघारी, आणि ढेकळाखाली काय आहे ते माहीत नाही. मला सुलोचनेची एकदम कीव आली. तिलाही कुणी विचारलं नव्हतं. बायका-पोरं, आंब्याच्या पेट्या आणि कोंबड्या वाहून नेण्यासाठी बांधलेली बोट. तिला एका रात्रीत राखाडी करून सुरुंगांवर सोडली, आणि काम झाल्यावर पुन्हा पांढरी करून म्हटलं, ने आता कोंबड्या. तिनं तेही निमूट केलं. माणसाला इतकं निमूटपणे परत येता येत नसावं.

हा विचार मी फार वेळ करू शकलो नाही. वेंगुर्ल्याच्या दीपगृहाचा खडक मागं पडला, बोट उघड्या पाण्यात आली आणि माझ्या पोटात कुंदा, दशम्या आणि तांदळाची भाकरी एकमेकांशी भांडू लागल्या. पुढचे काही तास मी कठड्याला धरून होतो. मालवण आलं आणि गेलं, देवगड आलं आणि गेलं, ती दोन्ही बंदरं मी डोळे मिटूनच पाहिली. कुणीतरी माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि आल्याचा तुकडा तोंडात कोंबला.

"पावणं, चघळा. गिळू नका."

वळून पाहिलं तर दाजी. केस पार पांढरे झाले होते. मी त्यांना शोधत भटारखान्यात जाणार, मोठ्या भावासारखा जाब विचारणार, असं सगळं ठरवून आलो होतो. प्रत्यक्षात मी त्यांच्या धोतरावर ओकलो.

दिवस मावळायच्या आत

दुपार कलल्यावर मला जरा माणसात आल्यासारखं वाटलं. भटारखान्याच्या दारात दाजींनी पाट टाकला. आत एका खुंटीवर पितळेचा तांब्या टांगलेला होता, तोंडाला फडकं बांधलेलं, बुडाला कडी. तो मी लगेच ओळखला. आक्काच्या लग्नात आमच्या वडिलांनी दिलेला. तो घरातून कुठं गेला म्हणून आक्का कितीदा तरी शोधत असे.

"आक्कानं इचारलंय," मी सरळ मुद्द्याला हात घातला. "तिला न सांगता का गेला?"

दाजी चुलीतली लाकडं मागं-पुढं करत राहिले. मग त्यांनी तांब्या काढून माझ्यापुढं ठेवला.

इथं बाहेरच्या वाचकाला एक गोष्ट सांगायला पाहिजे. आमच्यात पाणी गाळून पितात. गाळल्यावर फडक्यात डोळ्यांना न दिसणारे जीव राहतात, ते फेकत नाहीत. ज्या विहिरीचं पाणी त्याच विहिरीत परत सोडतात. वरून ओतायचं नाही, आपटून मरतील. म्हणून तांब्याच्या बुडाला कडी असते. तांब्या दोरीनं पाण्यापर्यंत सोडायचा आणि तिथं अलगद पालथा करायचा. त्याला जिवाणी सोडणं म्हणतात. घरोघरी आमच्या बायका हे रोज करतात, आणि लवकर करतात. दाजी बोटीसाठी वेंगुर्ल्याच्या त्या विहिरीचं पाणी भरून घेत, वाटेत पुन्हा पुन्हा गाळत आणि जिवाणी या तांब्यात ठेवून परतीच्या खेपेला त्याच विहिरीत सोडत. इतका उशीर शास्त्रात चालत नाही. आमच्या गावचे उपाध्ये हे ऐकतील तर डोक्याला हात लावतील. पण आपल्यापुरता दाजींनी काढलेला तो मार्ग होता.

"मुंबईला बोट लागली," दाजी म्हणाले. "पाशिंजर उतरलं. साहेब आला नि म्हनाला, आता बोट सरकारची. उतरायचं त्यानं उतरा. मी पेटी उचलली, आन खुंटीवर हा दिसला. भरलेला. आता ह्याचं काय करू? समुद्रात वतलं तर खाऱ्या पान्यानं मरतील. मुंबईच्या नळाखाली वतू? मी साहेबाला इचारलं, बोट कुटं जानार? तो म्हनाला, ह्याच किनाऱ्यावर, गोव्यापातुर. मी म्हटलं, मंग आठ दिसांत वेंगुर्लं येनार. जिवाणी सोडतो आन तिथनंच घाट चढतो. दिला अंगठा."

"आणि मग?"

"अंगठा दिल्यावर उतरता येत न्हाय, ते मागनं कळलं."

मी तांब्याच्या बुडाची कडी बोटानं फिरवत राहिलो.

"वेंगुर्लं आलं की रं. दिव्याचा खडक दिसला, दिवा झाकलेला. मी साहेबाकडं गेलो. म्हटलं, येक होडी द्या, हिरीवर जाऊन येतो. त्यो म्हनाला, कशाला? मी तांब्या दावला. तळाला चूळभर पानी. त्याला काय दिसनार त्यात? त्याला वाटलं, ह्यो पळून जायाला बघतोय. दोन दिस खाली कोंडून ठेवलं. वर आलो तवर वेंगुर्लं लांब ऱ्हायलं हुतं. मंग गेलो अरबस्तानाकडं. तिकडं हा पाक आटला."

"आता तरी? आता तर बोट दर खेपेला लागते वेंगुर्ल्याला."

"जातो की हिरीवर. पानी आता मुंबईच्या नळाचंच भरत्यात. वाकून बघतो. कोरडा तांब्या, सोडू काय?" त्यांनी तांब्या उलटा करून दाखवला. "आन घरी जाऊन काय सांगू? लढाईला गेलतो म्हटलं तर लबाडी. हे सांगितलं तर गाव हसंल. गाव हसू दे. ती हसली तर काय करू मी?"

मला आधी हसू आलं आणि मग फार राग आला. वखारीतल्या तिन्ही जर्मन बोटी डोळ्यांदेखत बुडाल्या, त्याचा राग. घरी एक बाई रोज दाराकडं बघत बसली होती आणि हा माणूस पाण्यातल्या किड्यांसाठी अंगठा देऊन बसला, त्याचा तर जास्तच. मी तसं तोंडावर बोललोसुद्धा. दाजींनी मान खाली घालून ऐकून घेतलं.

"तिला सांग, पगाराला भुललो," ते म्हणाले. "ते तिला पटंल."

"नाही पटणार. आणि पटलं नाही तर ती दार लावून घेणार आहे."

"लावू दे. पर जेव आता. दिस बुडाय आला."

त्यांनी वाढलं. मुगाचं वरण, भात, वर साजूक तूप, शेंगांची चटणी. पोटात सकाळपासून काही टिकलं नव्हतं, ते टिकलं. बाजूला चार-पाच व्यापारी आणि एक विधवा म्हातारी घाईनं जेवत होती. सूर्य पाण्याला टेकायला आला होता. दाजी एकेकाच्या पानाकडं आणि सूर्याकडं आळीपाळीनं बघत होते. सगळ्यांचं आटोपल्यावर त्यांनी स्वतःचं ताट घेतलं, पण तोवर सूर्य गेला होता. ताट झाकून त्यांनी बाजूला सारलं. हे रोजचंच असावं, कारण कुणी काही म्हटलं नाही.

रत्नागिरीला मी उतरताना त्यांनी तांब्या माझ्या हातात दिला. "रिकामाच हाय. तिचा तिला दे."

रत्नागिरीहून घरी

रत्नागिरीहून कोल्हापूरची मोटार कोळशाच्या गॅसवर चालणारी होती. आंबा घाटात तिनं तीनदा दम टाकला आणि आम्ही सगळे उतरून तिच्यामागून चालत निघालो. माझ्या एका पायात चप्पल होती. थोड्या वेळानं ती काढून हातात घेतली, मग फेकून दिली. अनवाणी चालताना डोकं बरं चालतं म्हणतात. मी घाटभर एकच विचार करत होतो, आक्काला काय सांगायचं? पगाराचं सांगितलं तर ती दार लावणार. जर्मन बोटींचं सांगितलं तर गाव फेटा बांधील, पण आक्काचं दार बंदच राहणार, कारण तिला न विचारता केलेली मर्दुमकी तिच्या लेखी मर्दुमकीच नव्हती. आणि खरं सांगितलं तर ती हसेल, हीच दाजींची भीती. कोल्हापूर आलं, निपाणी आली, तरी माझं ठरलं नव्हतं.

आक्का अंगणातच होती. तिनं आधी माझे पाय पाहिले.

"चपला कुटं गेल्या?"

"एक समुद्रात, एक घाटात."

मग तिला माझ्या हातातला तांब्या दिसला आणि मला काही ठरवावंच लागलं नाही. तिनं तो घेतला, फडकं सोडलं, आत बोट फिरवलं. तळाला पांढरी रेघ होती, पाणी आटत गेल्याची. मी जसं ऐकलं तसं सगळं सांगितलं, होडी मागितल्याचं, कोंडून ठेवल्याचं, विहिरीत वाकून बघण्याचंही.

ती हसली नाही. बराच वेळ त्या रेघेवरून अंगठा फिरवत राहिली. मग तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. मी तिला इतकी रडलेली वडील गेले तेव्हाही पाहिली नव्हती.

"न दिसणाऱ्या जिवांसाठी अंगठा दिला त्यांनी," ती म्हणाली. "मी तर दिसत हुते की रं, बाबू."

तिच्यासाठी आणि दाजींसाठी, दोघांसाठीही मला सारखंच वाईट वाटलं.

"मग पटलं न्हाय म्हण की उत्तर," मी म्हटलं.

"न्हाय पटलं." तिनं पदरानं तोंड पुसलं. "पर खोटं न्हाय."

त्या रात्री मी तिथंच राहिलो. सकाळी निपाणीला जायला निघालो तर आक्का परड्यातल्या विहिरीवर होती. ही विहीर दाजींच्या वडिलांनी खणलेली. तिनं घागर काढली, गाळली आणि फडकं त्या तांब्यात पिळलं नाही, अलगद धुऊन घेतलं. मला वाटलं, आता ती दोरी लावून विहिरीत सोडेल. तिनं तांब्याचं तोंड स्वच्छ फडक्यानं बांधलं आणि माझ्या हातात दिला.

"हे त्यास्नी नेऊन दे."

"ह्यात काय?"

"आपल्या हिरीची जिवाणी."

मी तांब्या दोन्ही हातांनी धरला.

"म्हनावं, ज्या हिरीची त्या हिरीत सोडायची असती. आन लवकर. मला नेमकं म्हाईत हाय, ते टाळनार न्हाईत."

"आक्का, मी कालच आलोय! पाय बघ माझे!"

"बेळगावात घे नव्या चपला," ती म्हणाली आणि घागर घेऊन आत गेली.

पुन्हा वेंगुर्ले

या खेपेचं वर्णन करण्यासारखं काही नाही. तांब्या सबंध वाट मांडीवर होता. मोटारीला दणका बसला की मी तो उचलून धरायचो आणि शेजारचे लोक मला वेडा समजायचे. सावंतवाडीला जेवताना मी तो पानाशेजारी ठेवला, खानावळवाल्यानं त्यातलं पाणी घेऊ का म्हणून हात पुढं केला, तर मी त्याच्यावर जवळजवळ ओरडलोच. शिडी चढताना नव्या चपला कंबरेला बांधल्या आणि तांब्या दातांनी फडक्याच्या गाठीला धरला.

दाजी भटारखान्यात डाळ घाटत होते. मी तांब्या त्यांच्यापुढं ठेवला. त्यांनी गाठ सोडली, आत पाहिलं आणि त्यांचा हात थांबला.

"कुठलं?"

"तुमच्या परड्यातल्या हिरीचं. आक्कानं गाळलं."

"कवा?"

"परवा सकाळी."

ते त्या चूळभर पाण्याकडं बघत राहिले. विहिरीत वाकून पाहणारा माणूस कसा दिसत असेल, ते मला तेव्हा कळलं. मग त्यांनी पळी हाताखालच्या गड्याला दिली, कंबरेचं फडकं सोडून खुंटीला टांगलं आणि तांब्याचं तोंड पुन्हा घट्ट बांधलं.

"लई येळ झाला की रं," ते म्हणाले.

सारंगानं वरून हाक मारून विचारलं, ही खेप कोण रांधणार? दाजींनी वर पाहिलंही नाही. एका हातानं शिडी आणि दुसऱ्या हातानं तांब्या धरून ते माझ्या आधी होडीत उतरले. मी चपला सांभाळत त्यांच्या मागून उतरलो.